बैलांनी ओळखलेली चाल

आमच्या घरात सकाळ व्हायची ती पातीच्या आवाजाने. सनईच्या तोंडाला जी ताडाच्या पानाची इवलीशी पात बसवतात, ती वाटीत भिजत पडलेली असे. बा उठला की चूळ भरायच्या आधी ती ओठांत धरून एक फुंकर मारायचा. सनईशिवाय नुसत्या पातीचा आवाज फार कर्कश असतो, कोंबडीची मान पिळल्यासारखा. त्या आवाजावर मी उठायचे. माझा मोठा भाऊ किसना वाकळ डोक्यावर ओढून शिव्या द्यायचा, आणि माय चुलीपुढून म्हणायची, "झालं का तुमचं? सारं गाव उठोता, आपल्या पोराले उठोता येत नाई." बा काही बोलत नसे. पात पुन्हा वाटीत ठेवायचा, सनई पुसायचा, आणि मग त्याचं तोंड बोलण्यासाठी मोकळं व्हायचं. गावाचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही, कारण तिथं अजून माझी माणसं राहतात. वर्ध्याकडच्या सेलूहून हिंगणीकडे जाताना लागतं, एवढं पुरे.

बा गावचा वाजंत्री होता. लग्न असो, पोळा असो, दसऱ्याची पालखी असो, नाही तर कुणाच्या म्हाताऱ्याची मिरवत न्यायची मयत असो, पुढे बाची सनई हवीच. बदल्यात सुगीला ज्वारी आणि सणाला शिळं. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी बा टोपलं घेऊन घरोघर फिरायचा आणि साऱ्या गावच्या पुरणपोळ्या आणायचा. एकमेकींना चिकटून त्यांचा गोळा झालेला असे. कुणाची गुळाची, कुणाची साखरेची, कुणाच्या पोळीला मुंग्या. माय त्या सोडवून छपरावर वाळत घालायची आणि मग कितीतरी दिवस पाण्यात शिजवून आम्हाला वाढायची. मला त्या फार आवडायच्या. एकदा मी "आपला पोळा कधी येते?" असं विचारलं, तर मायनं हातातलं उलथनं पाठीवर ओढलं. त्या वेळी मला तिचा राग कळला नाही. आता माझ्या सुना चांगल्या तुपातल्या पुरणपोळ्या करतात आणि मला त्यांचा घास गिळवत नाही, तेव्हा कळतो.

मार आमच्याकडे काही नवलाचा नव्हता. मायनं मारलं ते कामावरून, किसनानं मारलं ते मोठेपणावरून, आणि बानं मारलं ते सुरावरून. माझा एक मामा केळझरकडच्या एका खडी गमतीच्या पार्टीत पेटी वाजवायचा. खडी गंमत म्हणजे आमच्याकडचा तमाशा, पहाटेपर्यंत उभ्यानं चालणारा. मामा गेला आणि मामीनं ती पेटी, म्हणजे हार्मोनियम, आमच्या घरी आणून टाकली, कारण ती दिसली की तिला रडू येई. बानं पेटीकडे असं बघितलं, जणू घरात सवत आली. "याच्यात दम कोनाचा हाय? भात्याचा. मानसानं काय केलं मंग?" असं म्हणून त्यानं ती कोपऱ्यात ज्वारीच्या कणगीमागे सरकवली. मी ती कणगीमागेच बसून शिकले. कुणी शिकवलं नाही. बा बाहेर सनई वाजवायचा, मी आत त्याच्या मागोमाग पट्ट्या शोधायचे, आणि चुकीची पट्टी लागली की बा आत येऊन कानशिलात ठेवून द्यायचा आणि काही न बोलता परत जायचा. बरोबर लागली तर मारायचा नाही. माझं संगीताचं शिक्षण एवढंच. पुढे नागपूरला ऑर्केस्ट्रात मी पहिली बाई म्हणून ऑर्गनवर बसले, तेव्हा तिथले शिकलेले लोक विचारायचे, "बाई, तुमचे गुरू कोण?" मी म्हणायचे, "बाचा उजवा हात." त्यांना वाटायचं मी नम्रपणे बोलतेय.

बाच्या सगळ्या चालींत एक चाल निराळी होती. तिला बैलचाल म्हणत. पोळ्याच्या संध्याकाळी गावाबाहेरच्या आखरावर दोन खांबांना आंब्याच्या पानांचं तोरण बांधतात आणि त्याखाली साऱ्या गावचे बैल रांगेनं उभे करतात. शिंगं रंगवलेली, अंगावर झुली, गळ्यात घुंगरमाळा. लोक चढाओढीनं झडत्या म्हणतात, म्हणजे जोडलेली कवनं. पाटलाच्या जोडीची पूजा होते. मग पाटील हात वर करायचा आणि बा बैलचाल धरायचा. पाटलाची मानाची जोडी तोरणाखालून आधी जायची, मागून बाकीच्यांच्या, आणि चालीचं शेवटचं वळण आलं की तोरण तुटायचं आणि सारे बैल घराकडे सुटायचे. याला पोळा फुटणं म्हणतात. बैलांना ती चाल पक्की ठाऊक होती. ती ऐकली की दोर ढिला होतो आणि घरी पुरणपोळी खायला मिळते, हे त्यांना वासरपणापासून कळलेलं. म्हणून बा ती चाल वर्षात एरवी कधीच वाजवायचा नाही. आठवण ठेवायला म्हणून कधी वाजवलीच, तर शेवटच्या वळणाच्या अलीकडे थांबायचा. मला मात्र ते वळण पाठ होतं. पोटात असल्यापासून ऐकत आले होते.

मग आमच्या वस्तीनं नागपूरला जाऊन दीक्षा घेतली. दसऱ्याचा दिवस होता. पांढरी लुगडी, पांढरी धोतरं, आणि परत येताना मायचं तोंड असं काही उजळलेलं की मी तिला पहिल्यांदाच सुंदर म्हणून पाहिलं. वस्तीत बैठक झाली आणि ठरलं की आता गावची मेलेली ढोरं ओढायची नाहीत, टोपलं घेऊन फिरायचं नाही, आणि त्यांच्या देवापुढे वाजवायचं नाही. तिसरी गोष्ट म्हणजे एकटा आमचा बा. सगळे त्याच्याकडे बघायला लागले. बानं मान हलवली, घरी आला, सनई धुवट कापडात गुंडाळली आणि आढ्याला टांगली. पात भिजवायची वाटी मायनं घासून मिठाला घेतली. दुसऱ्या दिवशी सकाळी आवाज नव्हता, म्हणून आम्ही सगळेच उशिरा उठलो.

किसना तेव्हा वीस-बावीसचा असेल. त्याला गाणी सुचायची. त्यानं बुद्धावर एक गाणं केलं आणि मला म्हणाला, "सुभे, याले चाल लाव. आयकल्यावर मानूस उठून चालाले लागला पाह्यजे." माझ्याजवळ तशी एकच चाल होती. मी पेटी कणगीमागून काढली आणि त्याचे शब्द बैलचालीवर बसवले. काय सुरेख बसले! आम्ही ते गाणं सेलूच्या बाजारात म्हटलं, आजूबाजूच्या वस्त्यांत म्हटलं, पार वर्ध्याजवळच्या बोरगावला जाऊन म्हटलं, आणि जिथं म्हणू तिथं लोक उभे राहायचे. फक्त आमच्या गावात पोळ्याच्या दिवशी म्हणायची पाळी अजून आली नव्हती, कारण पोळाच अजून आला नव्हता. बानं ते गाणं ऐकलं तेव्हा तो तंबाखू मळत होता. त्याचा हात थांबला. मला वाटलं आता कानशिलात बसणार. पण तो उठून नाल्याकडे निघून गेला.

पोळा आला. नानाजी पाटील आमच्या बैठकीवर जळफळत होते. त्यांनी वर्ध्याहून बँडपार्टी बोलावली होती, लाल कोट, पितळी भोंगे, मोठा ढोल. आमच्या पोरांचे पाय आखराकडे वळू नयेत म्हणून वस्तीनं त्याच संध्याकाळी लिंबाखाली वंदना आणि गाणी ठेवली. आखर आणि वस्ती यांच्यामध्ये फक्त नाला. त्यांना आमचं ऐकू येई, आम्हाला त्यांचं. तिकडे काय घडलं ते मला नंतर गणपतनं सांगितलं. गणपत तेली, गावातला सगळ्यात गरीब बैलवाला. त्याची जोडी म्हातारी आणि रांगेत अगदी कडेला, नाल्याच्या बाजूला. तो सांगायचा, "त्या ढोलावर पहिली टिपरी पडली न, पाटलाचा एक बैल खालीच बसला. दुसऱ्यानं गड्याले फरफटत नेलं. बँडवाल्याले म्हनलं, बंद कर बापा, बैल हाय का वऱ्हाडी?" मग बँड बंद केला. बैल शांत झाले. पाटलीणबाई आरतीचं ताट घेऊन पुन्हा पुढे आली. सगळीकडे चिडीचूप झालं आणि त्या शांततेत नाल्याच्या अलीकडे मी भाता ओढला.

वस्तीतली सारी माणसं एका सुरात म्हणत होती. ढोलकीला जोर होता, वारा आखराकडे होता, आणि मी सोळा-सतरा वर्षांची, हात कसा पाण्यासारखा धावत होता. पहिलं निघालं ते गणपतचं म्हातारं जनावर. कान टवकारले आणि सरळ तोरणाकडे चालायला लागलं. त्याच्यामागे त्याचा जोडीदार, मग पलीकडची जोडी, मग सगळेच. पोळ्याच्या दिवशी बैलावर काठी उगारायची नसते, त्यामुळे कुणाच्या हातात काठी नव्हती, नुसते नवे गुळगुळीत दोर. मी शेवटचं वळण घेतलं तेव्हा पलीकडून घुंगरांचा एकच कल्लोळ आला. मला वाटलं त्यांचाही पोळा फुटला, किती छान जुळून आलं! पूजेसाठी घट्ट धरलेली पाटलाची मानाची जोडी जागच्या जागी राहिली आणि साऱ्या गावचे बैल तिला ढकलून पुढे गेले. आरतीचं ताट तुडवलं गेलं. पाटलीणबाई पडली, नानाजींच्या धाकट्या भावाच्या पायावरून बैल गेला आणि नडगीचं हाड बाहेर आलं. आणि या सगळ्यात पहिला मान मिळाला तेल्याला.

मी आजही सांगते, यात चूक बैलांची नव्हती आणि माझीही नव्हती. चाल माझ्या बाची, शब्द माझ्या भावाचे, हात माझा. बैलांना जे शिकवलं होतं ते त्यांनी केलं. पण गावाला वाटलं की हा आम्ही रचलेला डाव. मुद्दाम बैलचाल वाजवली, मुद्दाम तेल्याला पुढे काढलं, मुद्दाम पाटलाचं नाक कापलं. बैलांना त्या दिवशी मारायचं नसतं. माणसांबद्दल तसा काही नियम नव्हता. लोक घरी पळाले ते काठ्या आणायलाच.

अजून उजेड होता. नाल्यातून ते आले तेव्हा मला आधी पाण्याचा आवाज आला, खूप पाय एकदम पाण्यात पडल्याचा. पुढे नानाजींचा मोठा मुलगा वसंता. नवं धोतर गुडघ्यापर्यंत भिजलेलं आणि हातात उभारी, म्हणजे बैलबंडीच्या बाजूला उभी खोचतात ती जाड काठी. ढोलकीवाल्या पोराच्या पाठीत पहिला रट्टा बसला. ढोलकीत कुणी तरी कोयता खुपसला. बायांनी लेकरं पोटाशी धरून झोपड्यांकडे धाव घेतली, तर त्यांना केसांना धरून फिरवलं. आमच्या शेजारची सखूबाई लिंबाच्या बुंध्यावर आपटली आणि तिच्या कपाळाचं रक्त खोडावरून ओघळलं. मायनं चुलीतलं जळतं लाकूड काढलं आणि एकाच्या तोंडावर मारलं. तो माणूस किंचाळत नाल्यात जाऊन पडला, आणि मला इतका आनंद झाला की सांगायची सोय नाही. किसना त्यांना अडवायला हात पसरून उभा राहिला. त्याच्या डोक्यात काठी पडली. तो खाली बसला, पुन्हा उठला, पुन्हा पडली.

"कोनं वाजवली?" वसंता ओरडला.

"मी," किसना म्हणाला. त्याच्या डोळ्यांत रक्त उतरत होतं.

"हा काय वाजोते? याले साधी शीळ येत नाई." हे मी म्हणाले. मी पेटीपुढून उठलेच नव्हते. पेटी सोडली तर ते ती फोडतील, हे मला कळत होतं. "मी वाजवली."

वसंताला ते खरं वाटेना. पोरीच्या जातीनं साऱ्या गावचे बैल हलवले हे त्याला पटणार कसं? तो वाकून माझ्या तोंडाकडे बघत म्हणाला, "तू? वाजवून दाखव."

बा कुठे आहे म्हणून मी पाहिलं. दोघांनी त्याचे दंड मागे धरले होते. तो मला नको म्हणून मान हलवत होता. पण मला त्या क्षणी असा काही संताप चढला होता की वाटलं, वाजवीन, आणि अशी वाजवीन की तुझे उरलेले बैलही जातील. मी भाता ओढला. रडणं-ओरडणं चाललंच होतं, तरी मी पहिल्यापासून धरली, कुठे चुकले नाही, आणि शेवटच्या वळणाच्या अलीकडेही थांबले नाही. वळण पुरं झालं आणि उभारी खाली आली. त्यानं नेम पेटीवर धरला होता की हातावर, ते त्याचं त्याला माहीत. पेटीला काही झालं नाही. सगळा मार हातानं खाल्ला. मधलं बोट आणि त्याच्या शेजारचं, दोन्ही काळ्या पट्टीवर मोडली. आवाज मी ऐकला. नंतर वसंता हसला की नाही ते आठवत नाही. हसला असता तर आठवलं असतं.

दवाखान्यात न्यायला कुणी बंडी देईना. गणपत आपली घेऊन आला. त्यालाही दोन थोबाडीत बसल्या होत्या, गाल सुजलेला. बा म्हणाला, "गणपत, तुले तरास होईन." गणपत बैल जुंपत म्हणाला, "आता काय व्हायचं राह्यलं? माह्या बैलाईनं पाटलाचा मान खाल्ला, आता त्याइलेच ओढू दे." असं पोळ्याच्या दिवशी त्या बैलांना जुंपलं. किसना आणि मी कडब्यावर आडवे, बाकीचे जखमी पायी. वर्ध्याच्या दवाखान्यात किसनाचं डोकं शिवलं, माझा हात लाकडाच्या पट्टीला बांधला. फिर्याद द्यायला गेलो, तर आमच्याकडेच विचारणा झाली की बैल का बुजवले. हाड जुळलं, पण ती दोन बोटं वाकायची विसरली. आजही ती सरळच आहेत. जेवताना घासातून बाहेर राहतात.

गाव तेवढ्यावर थांबलं नाही. आमच्या वस्तीला शेतावर कामाला बोलावणं बंद झालं, गिरणीवाला आमचं दळण घेईना. माय जात्यावर कण्या भरडायची आणि तरोट्याची भाजी शिजवायची, मिठाबरोबर. तरोटा रस्त्याच्या कडेला फुकट उगवतो, म्हणून तो तरी बंद करता आला नाही. घरात मला काम सांगत नसत. मी पेटीपुढे बसायचे, सरळ बोटांनी धावायला बघायचे, दुखलं की तोंडात पदर कोंबायचे आणि मग रागानं पेटीलाच लाथ घालायचे. चाल धावते, आणि माझा हात लंगडत होता. मला स्पष्ट कळलं होतं की आता आपण वाजवणाऱ्यांतले नाही. त्या वयात माणूस मरणाचा विचार किती सहज करतो! मी विहिरीचा केला होता. पण विहीरही पाटलाच्या वाटेवर होती.

आणि मग पाटलाचा निरोप आला. दसऱ्याला पालखीपुढे तुळशीरामनं, म्हणजे माझ्या बानं, सनई धरावी. एवढं केलं की सगळं मिटलं, गिरणी सुरू, कामं सुरू. आणि न केलं तर या खेपेला हातावर थांबणार नाही. दसरा म्हणजे आमच्या दीक्षेला वर्ष पुरं होण्याचा दिवस, हे त्यांना बरोबर माहीत होतं. वस्तीत दोन तट पडले. लेकरं उपाशी आहेत, एक दिवस फुंकली सनई तर काय बिघडते, असं म्हणणारेही निघाले. किसना म्हणायचा, गाव सोडून वर्ध्याला जाऊ. माय बाला एकच म्हणाली, "पाय बाहीर टाकून पाहा तुमी. वापस आले तं मी घरात नसन." बा हो म्हणेना, नाही म्हणेना. त्याच्या या न बोलण्यानं मला तेव्हा मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं.

दसऱ्याच्या सकाळी मला जाग आली ती पातीच्या आवाजाने. आधी वाटलं स्वप्न. डोळे उघडले तर बा आंघोळ करून, दाढी करून, पांढऱ्या धोतरात बसलेला. आढ्याची सनई मांडीवर. माय पाट्यावर मिरच्या वाटत होती आणि त्याच्याकडे बघत नव्हती. बानं पात सनईला बसवली आणि आवाज न काढता छिद्रांवरून बोटं फिरवली. मी ती बोटं ओळखली. बैलचाल होती. मला त्याचा इतका संताप आला की हातात काही असतं तर फेकून मारलं असतं. माझी बोटं गेली, किसनाचं डोकं फुटलं, आणि हा माणूस निघाला पालखीपुढे!

वसंता दोन गडी घेऊन दाराशी आला. "चाल रे तुळश्या, पालखी खोळंबली."

"हाव," बा म्हणाला. त्यानं सनई वाकळीवर नीट ठेवली. उठला. पाट्याजवळ गेला, मायच्या हातातून वरवंटा घेतला, वाटलेली मिरची धोतराला पुसली. कुणाला काही कळायच्या आत त्यानं मान मागे टाकली आणि वरवंटा स्वतःच्या तोंडावर मारला. एकदा मारून दात हलले नाहीत म्हणून दुसऱ्यांदा. माय असं ओरडली की साऱ्या वस्तीची दारं उघडली. बा दाराला धरून उभा राहिला, ओंजळीत थुंकला आणि ती ओंजळ वसंतापुढे केली. पुढचे दात गेले की सनई संपते. पात ओठांत धरायला मागे दातांचा आधार लागतो. हे गावात सगळ्यांना ठाऊक होतं.

"न्या मले," बा म्हणाला. शब्द नीट निघत नव्हते. "कुठी वाजवू, सांगा."

वसंता पोळ्याला एवढा शूर होता, तो मागे सरला तो उंबऱ्याला अडखळून पडला. गड्यांनी त्याला उठवलं. ते गेले ते परत कधी आले नाहीत. गिरणी दिवाळीच्या आधी सुरू झाली. त्या संध्याकाळी वस्तीत बाच्या पाया पडायला रांग लागली, तोंडाला फडकं लावून तो बसला होता आणि जो तो म्हणत होता, तुळशीराम, तुह्यासारखा मानूस नाई. किसनानं त्याच आठवड्यात त्याच्यावर गाणं केलं. मायनं आयुष्यात पहिल्यांदा त्याला आपल्या हातानं पेज भरवली, आणि भरवताना ती रडत होती.

थंडी पडल्यावर एके दुपारी बा माझ्या पेटीपुढे येऊन बसला आणि त्यानं भाता आपल्याकडे घेतला. म्हणाला, "वाजव." मी म्हणाले, हात धावत नाही. "मंग धावू नको. ढोलकी बोलते तथी गप राह्य. ते गप झाली का तू बोल. रिकाम्या जागी ठोक, न लगेच हात उचल." मी तीन पट्ट्या एकदम दाबल्या आणि सोडल्या. सरळ बोटांना एवढंच जमत होतं आणि एवढंच लागत होतं. गाणं एकदम उसळून उठल्यासारखं झालं. लोक पुढे आमचं गाणं ज्या ठेक्यावरून ओळखायला लागले, ज्याच्यासाठी मला नागपूरला बोलावलं, ज्याची पोरं नक्कल करायला लागली, तो हा. मागे नातवानं फोनवर दूरच्या कुठल्या तरी बेटावरचं गाणं ऐकवलं, त्यात बाजा नेमका त्याच रिकाम्या जागी पडत होता, झट लागून झट उठत होता. मी त्याला विचारलं, यांची बोटं कुणी मोडली? तो हसला. मी काही हसत नव्हते.

त्या दुपारी बराच वेळ वाजवून झाल्यावर बा भाता ओढायचा थांबला. बाहेर किसना पोरांना ते नवं गाणं शिकवत होता, बापानं पाटलाचा मान कसा धुळीला मिळवला त्याचं. बा ऐकत राहिला आणि मग खालच्या आवाजात म्हणाला, "त्याले सांगजो, ते गानं नको म्हनू."

"काऊन बा?"

"मी पाटलासाठी नाई फोडले दात." दात नसल्यानं त्याचं बोलणं लहान पोरासारखं झालं होतं, नीट कान द्यावा लागे. "त्या सकायी पात ओठात धरली न, तं मले जावंसं वाटून राह्यलं होतं. तुह्या हाताची आठवन होती मले. पन मले जायचंच होतं. वसंता बलावाले आला नसता, तरी मी गेलो असतो." त्यानं माझ्या सरळ बोटांकडे पाहिलं आणि नजर काढून घेतली. "मले दुसरं काई सुचलं नाई."

मी किसनाला सांगितलं नाही. ते गाणं आम्ही पुढे कितीतरी वर्षं गावोगाव म्हटलं, लोक डोळे पुसायचे, शेवटी बाला उभं करून टाळ्या वाजवायचे. तो उभा राहायचा, तोंडावर उपरणं धरून. आणि त्या प्रत्येक वेळी पेटी माझीच असायची.